स्कॅफॉइड मोडलंय, प्लास्टर घालू की स्क्रू टाकू?

वाचकाचं पत्र

"मी 23 वर्षांचा, सोलापूर जिल्ह्यातला. पोलीस भरतीची तयारी करतो. साडेपाच आठवड्यांपूर्वी 100 मीटरच्या सरावात पाय अडकून पडलो आणि सगळा भार उजव्या तळव्यावर आला. दवाखान्यात एक्स-रे काढला. हाड चांगलं आहे, नुसतं मुरगळलंय, असं सांगून क्रेप बँडेज बांधलं आणि पाच दिवसांच्या गोळ्या दिल्या. सूज उतरली, पण दुखणं गेलं नाही, म्हणून हाडवैद्याकडून तीनदा तेल लावून चोळून घेतलं. अजूनही बादली उचलताना किंवा गाडीचा रेस पिळताना अंगठ्याच्या बुडाशी कळ येते. मागच्या आठवड्यात सीटी स्कॅन केला. स्कॅफॉइड म्हणजे मनगटातल्या छोट्या हाडाच्या 'वेस्ट'ला, म्हणजे मधल्या निमुळत्या भागाला, फ्रॅक्चर आहे, 1 मिमीपेक्षा कमी सरकलंय, असं रिपोर्टमध्ये लिहिलंय. एक डॉक्टर म्हणतात तीन महिने प्लास्टर. दुसरे म्हणतात स्क्रू टाका, महिन्यात मोकळे व्हाल. सहाएक महिन्यांत मैदानी चाचणी होईल असं ऐकतोय, त्यात गोळाफेकीला 15 गुण आहेत. काय करू? पायाचं सूप आणि कांडवेल यांनी हाड लवकर जुळतं का? मी तंबाखू खातो, दिवसातून पाच-सहा वेळा."

उत्तर

दोन डॉक्टरांची दोन मतं असल्यामुळे तुम्ही थांबला आहात, आणि पत्रावरून दिसतं की हात अजून मोकळाच आहे. निर्णय व्हायचा तेव्हा होईल, हात मात्र आज बांधून घ्या. कोपराखालपासून तळव्यापर्यंत कच्चं प्लास्टर, म्हणजे स्लॅब, कुठल्याही अस्थिरोगतज्ज्ञाकडे घालून मिळेल. पुढे ऑपरेशन ठरलं तरी स्लॅब काढायला पाच मिनिटं लागतात. तोपर्यंत गाडी, बादली आणि चोळणं तिन्ही बंद. चोळल्यानं बोटं आणि खांदा सैल होत असतील, पण चीर गेलेल्या हाडाचे तुकडे दर वेळी एकमेकांवर घासतात आणि मधे धरू लागलेला नाजूक जोड तुटतो. हाडवैद्याच्या हाताला मोठ्या हाडाचं मोडणं समजू शकतं. हे हाड मात्र जेमतेम इंचभर लांबीचं असून मनगटाच्या आत दडलेलं आहे. ते बाहेरून चाचपून बसवता येत नाही.

आता तुमच्या मुख्य प्रश्नाबद्दल. गोळा कधी फेकता येईल, हे प्लास्टर घातलं की स्क्रू टाकला यावर फारसं ठरत नाही. मोडलेल्या दोन तुकड्यांमध्ये हाडाचा पूल बांधला गेला की नाही, यावर ते ठरतं. हा पूल खात्रीनं दिसतो तो सीटी स्कॅनमध्ये. कळ थांबली म्हणजे हाड जुळलं, हा हिशोब पायाच्या किंवा दंडाच्या हाडाला बऱ्यापैकी लागू पडतो, स्कॅफॉइडला पडत नाही. न जुळलेलं स्कॅफॉइड कित्येक महिने गप्प बसू शकतं.

पहिल्या एक्स-रेत ते दिसलं नाही, यात लगेच कुणाचा हलगर्जीपणा मानायचं कारण नाही. मनगटातली आठ छोटी हाडं दोन ओळींत बसलेली असतात आणि अंगठ्याच्या बाजूचं स्कॅफॉइड त्या दोन्ही ओळींना खिळीसारखं जोडतं. ग्रीक भाषेत स्काफे म्हणजे होडी, त्यावरून हे नाव आलं, पण खरं सांगायचं तर ते काजूगरासारखं दिसतं. अशा वळणदार हाडातली केसाएवढी चीर पहिल्या दिवशीच्या साध्या एक्स-रेत दर पाच-सहा रुग्णांमागे एकाची तरी निसटते. म्हणून खरी तपासणी बोटानं करायची असते. अंगठा ताणून वर उचला. त्याच्या बुडाशी, मनगटाच्या कडेला दोन शिरांमध्ये एक खळगा पडतो. पूर्वी तपकीर ओढणारे त्यात चिमूट ठेवायचे, म्हणून डॉक्टरही त्याला तपकिरीचा खळगा म्हणतात. तळव्यावर पडल्यानंतर या खळग्यात दाबल्यावर दुखलं, किंवा अंगठा सरळ मनगटाच्या दिशेनं दाबल्यावर कळ आली, तर एक्स-रे कोरा असला तरी स्कॅफॉइड मोडलंय असं समजून हात बांधायचा आणि 10 ते 14 दिवसांनी पुन्हा एक्स-रे काढायचा, किंवा थेट एमआरआय करायचा. एमआरआय दोन-तीन दिवसांतच चीर दाखवतो. एक्स-रे काढतानाही 'स्कॅफॉइड व्ह्यू' मागायचा असतो, ज्यात मूठ करंगळीच्या बाजूला कललेली असते. तुमच्याबाबत यातलं काही झालेलं दिसत नाही. झालं ते झालं, पण भरतीच्या मैदानावर सोबतचं कुणी तळव्यावर पडलं तर हा खळगा त्यांना दाखवा.

इतकं छोटं हाड इतका त्रास का देतं? त्याचं उत्तर रक्तपुरवठ्यात आहे. मुख्य रक्तवाहिनी हाडाच्या बोटांकडच्या भागातून आत शिरते आणि मागे, कोपराच्या दिशेनं, उलटी वाहत बाकीचं हाड पोसते. मधल्या निमुळत्या कमरेला, म्हणजे रिपोर्टमधल्या 'वेस्ट'ला, चीर गेली की मागच्या तुकड्याचं पाणी कमी होतं. कालव्याच्या टेलला शेती असलेल्यांना हे वेगळं समजवायला नको. चीर जितकी मागच्या टोकाजवळ, तितका तो तुकडा उपाशी, आणि कधी कधी तो मरतोही. त्यात या हाडाचा जवळजवळ 80 टक्के पृष्ठभाग गुळगुळीत कूर्चेनं, म्हणजे सांध्यातल्या लवचिक आवरणानं, झाकलेला असतो. त्यामुळे इतर हाडांभोवती जसा नव्या हाडाचा गठ्ठा धरतो तसा इथं धरत नाही. जोड आतूनच आणि हळूहळू येतो, तेही तुकडे हलले नाहीत तर.

तुमची चीर कमरेत आहे आणि ती 1 मिमीच्या आत आहे. दोन्ही गोष्टी तुमच्या बाजूच्या. विरुद्ध बाजूला आहेत साडेपाच आठवडे. हात चार आठवड्यांच्या आत स्थिर केला तर न सरकलेलं कमरेचं फ्रॅक्चर बहुतेकांचं प्लास्टरमध्येच जुळतं. त्यापुढे उशीर झाला की न जुळण्याचा धोका बराच वाढतो. म्हणून नुसतं 'किती सरकलंय' हा आकडा तुम्हाला पुरणार नाही. सीटीची सीडी घेऊन डॉक्टरांसमोर बसा आणि आणखी तीन गोष्टी विचारा. चिरेच्या कडा अजून ताज्या आहेत, की झिजून मधे पोकळी धरू लागली आहे? हाड मधून वाकून त्याला कुबड आलंय का? आणि शेजारच्या ल्युनेट हाडाशी असलेला त्याचा कोन बिघडलाय का? हे नीट दिसायला सीटीचे काप स्कॅफॉइडच्या लांबीच्या रेषेत घ्यावे लागतात. मनगटाचा सरसकट सीटी झाला असेल तर रेडिओलॉजिस्ट बहुतेक वेळा त्याच माहितीतून तसे काप पुन्हा काढून देऊ शकतात, नवा स्कॅन लागत नाही.

प्लास्टर विरुद्ध स्क्रू या वादावर 2020 साली 'लॅन्सेट'मध्ये एक मोठी तुलना छापून आली. ब्रिटनमधल्या 31 रुग्णालयांतले 439 प्रौढ रुग्ण, सगळ्यांचं फ्रॅक्चर कमरेचं आणि जास्तीत जास्त 2 मिमी सरकलेलं. कुणाला प्लास्टर आणि कुणाला स्क्रू, हे चिठ्ठी काढल्यासारखं ठरवलं. वर्षभरानंतर दुखणं आणि हाताचं काम यांत दोन्ही गटांत म्हणण्यासारखा फरक उरला नव्हता. त्यावरून निघालेली शिफारस अशी, की आधी प्लास्टर घाला, लक्ष ठेवा, आणि जुळत नाही अशी शंका येताच वेळ न घालवता स्क्रू टाका. मेख एवढीच, की ते सगळे रुग्ण पडल्यापासून दोन आठवड्यांच्या आत रुग्णालयात आले होते. तुम्ही त्या गटात बसत नाही. म्हणूनच स्क्रू सुचवणारे तुमचे दुसरे डॉक्टर चुकीचं सांगत नाहीत. चुकीचं असेल तर ते 'महिन्यात मोकळे व्हाल' हे वाक्य, किंवा तुम्ही त्याचा लावलेला अर्थ. महिन्यात पट्टी सुटते, हाड जुळून तयार होत नाही.

आमचं मत असं. वरच्या तीनही प्रश्नांची उत्तरं चांगली आली, म्हणजे पोकळी नाही, कुबड नाही, कोन ठीक, तर पक्कं प्लास्टर घालून सहा ते आठ आठवड्यांनी दुसरा सीटी करा. त्या सीटीची तारीख आजच ठरवून ठेवा. त्यात चिरेच्या निम्म्याहून अधिक भागात पूल दिसला तर प्लास्टर निघेल. थोडाच दिसला तर आणखी चार आठवडे. काहीच दिसला नाही किंवा फट रुंदावली असेल, तर 'अजून दोन महिने बघू' यात न अडकता ऑपरेशन. आणि तीनपैकी एक जरी उत्तर वाईट आलं, तर प्लास्टरमध्ये वेळ घालवू नका, थेट ऑपरेशनबद्दल बोला. पोकळी धरली असेल तर नुसता स्क्रू पुरेलच असं नाही, सोबत हाडाचं कलम, म्हणजे दुसरीकडून घेतलेला हाडाचा तुकडाही लागू शकतो. हेही आधीच विचारून घ्या.

प्लास्टर घालायचं ठरलं तर ते कसं असावं? कोपराखालचं पुरतं. कोपराच्या वरपर्यंत घालण्याची जुनी पद्धत आता फारशी राहिलेली नाही. अंगठा आत घ्यायचा की मोकळा ठेवायचा, यावर अजून वाद आहे. न सरकलेल्या फ्रॅक्चरमध्ये अंगठा मोकळा ठेवल्यानं जुळण्यात फरक पडत नाही असं तुलनांमधून दिसलंय, तेव्हा दोन्हींपैकी काहीही घातलं तरी चिंता नको. चिंता करायची ती पुढच्या कडेची. प्लास्टर तळव्यावरच्या बोटांजवळच्या आडव्या रेषेच्या अलीकडे संपलं पाहिजे, म्हणजे चारही बोटांची पेरं मुठीत पूर्ण वळतील. कड बोटांवर आलेली असेल तर तिथंच कापून घ्या. नाहीतर मनगट जुळेल आणि बोटं आखडतील. मनगटातलं कडं, धागा, बोटातली अंगठी आधीच काढा.

पहिले तीन दिवस हात छातीच्या वर राहील असा, रात्री दोन उशांवर. गळ्यातली झोळी चालताना ठीक, पण दिवसभर त्यात हात लोंबत ठेवला तर बोटं सुजतात आणि खांदा धरतो. जागे असाल तेव्हा दर तासाला दहा वेळा पूर्ण मूठ, दहा वेळा पूर्ण बोटं सरळ. खांदा आणि कोपर दिवसातून तीन-चार वेळा सगळ्या दिशांनी फिरवा. बोटं बधिर झाली, निळी किंवा पांढरी पडली, गोळीनंही न थांबणारी कळ वाढत गेली, किंवा दुसऱ्यानं बोट हळूच सरळ केल्यावर कोपरापर्यंत असह्य दुखलं, तर सकाळची वाट न पाहता रुग्णालय गाठा. प्लास्टर आवळलेलं असतं आणि ते उभं कापावं लागतं.

याच्या उलट सैल प्लास्टरची तक्रार कुणी करत नाही, कारण ते सुखाचं वाटतं. दोन-तीन आठवड्यांत सूज आणि स्नायू दोन्ही उतरतात. आत मनगट हलायला लागलं, किंवा कोपराकडच्या बाजूनं दोन बोटं सहज आत जाऊ लागली, की प्लास्टर बदलून घ्यायचं. फायबरचं प्लास्टर हलकं असतं, पण 'पाणी चालतं' हे अर्धवट खरं आहे. बाहेरचं फायबर भिजून खराब होत नाही, आतला कापूस मात्र भिजतो आणि कुजतो. आंघोळीला प्लॅस्टिकची पिशवी बांधा आणि हात वर धरा. खाज सुटली की विणायची सुई, पट्टी, पेन आत घालायचा मोह होतो. आत जखम झाली तर ती वास आल्यावरच कळते. हेअर ड्रायरची थंड हवा सोडा, तेवढ्यावर भागतं.

हात प्लास्टरमध्ये असताना जेवणं, लिहिणं, मोबाइल, शर्टाची बटणं, हे सगळं करा. उचलणं, पिळणं, ढकलणं नको. लोक बादली लक्षात ठेवतात आणि एक गोष्ट विसरतात. अंथरुणावरून किंवा जमिनीवरून उठताना तळवा टेकणं. तेवढ्यात सगळं शरीर त्या काजूगरावर येतं. दुचाकी तर नकोच. उजवाच हात, म्हणजे रेसही त्याच हातात आणि पुढचा ब्रेकही.

स्क्रू ठरला तर काय होईल, तेही माहीत असू द्या. बोलीत सगळेच हर्बर्ट स्क्रू म्हणतात, कारण ऑस्ट्रेलियातल्या टिमथी हर्बर्ट यांनी 1984 मध्ये त्याची माहिती प्रसिद्ध केली. या स्क्रूला डोकं नसतं आणि दोन टोकांच्या आट्यांचं अंतर वेगवेगळं असतं, त्यामुळे तो आत फिरताना दोन तुकडे एकमेकांकडे ओढले जातात. जाडी साधारण अडीच-तीन मिमी, लांबी बहुधा 20 ते 24 मिमी. तो पूर्ण हाडाच्या आत बुडतो आणि काही त्रास नसेल तर जन्मभर तिथंच राहतो. न सरकलेल्या फ्रॅक्चरमध्ये कातडीला सेंटीमीटरभर छेद देऊन, सी-आर्मवर, म्हणजे ऑपरेशन चालू असताना हाड दाखवणाऱ्या एक्स-रे यंत्रावर बघत, आधी बारीक तार आणि तिच्यावरून स्क्रू घालतात. हात बधिर करून हे होतं. टाके 10 ते 14 दिवसांनी निघतात, मग दोन ते चार आठवडे काढता-घालता येणारी पट्टी. बिघडतं ते बहुतेक लांबीत. स्क्रू एक-दोन मिमी जरी लांब झाला तर टोक सांध्यात घुसून कूर्चा खरवडतं. म्हणून मोजलेल्या लांबीपेक्षा साधारण 4 मिमी आखूड स्क्रू निवडतात, आणि तो हाडाच्या मध्यरेषेत बसणंही तितकंच महत्त्वाचं. जंतुसंसर्ग आणि व्रणाजवळची दुखरी नस हे छोटे पण खरे धोके. तेव्हा हे ऑपरेशन हाताच्या शस्त्रक्रिया नेहमी करणाऱ्याकडेच करा. महात्मा फुले जनआरोग्य योजनेत ते बसतं का, हे योजनेतल्या रुग्णालयाच्या आरोग्यमित्राला आधी विचारा.

आता तंबाखू. निकोटीननं बारीक रक्तवाहिन्या आवळतात, आणि तुमच्या हाडाचं सगळं दुखणंच रक्त कमी पोचण्याचं आहे. विडी-सिगारेट ओढणाऱ्यांमध्ये स्कॅफॉइड न जुळण्याचं प्रमाण जास्त असतं, ऑपरेशननंतरही. मळलेल्या तंबाखूत धूर नसला तरी निकोटीन तेच. मिश्री, मावा, गुटखाही त्यातच धरा. चुन्यातून कॅल्शियम मिळतं हा युक्तिवाद गावोगाव ऐकू येतो. तो तंबाखूशिवाय कुणी करताना दिसत नाही. पाच-सहा वेळची सवय आठ-दहा दिवस त्रास देईल. एकट्यानं जमत नसेल तर 1800-11-2356 हा तंबाखू सोडण्यासाठीचा सरकारी मोफत क्रमांक आहे. तंबाखू चालूच राहणार असेल तर प्लास्टर की स्क्रू या निवडीला फारसा अर्थ उरत नाही, कारण दोन्हींचा भरवसा त्यानं कमी होतो.

पायाच्या सुपाला आमची ना नाही, पण त्यात लोक समजतात तेवढं कॅल्शियम उतरत नाही. प्रौढ माणसाला दिवसाला 1000 मिग्रॅ कॅल्शियम लागतं. अर्धा लिटर दुधातून सुमारे 600 मिळतं आणि 100 ग्रॅम नाचणीतून साधारण 350, म्हणजे दूध आणि दोन-तीन नाचणीच्या भाकऱ्यांत काम होतं. अंडी, डाळ, उसळ रोज. ड जीवनसत्त्व एकदा तपासा. कमी निघालं तर डॉक्टर आठवड्याला 60,000 युनिटची पुडी ठरावीक आठवडे देतात, ती मनानं पुढे चालू ठेवू नका. कांडवेलीची चटणी आवडत असेल तर खा. तिचा लेप लावायला प्लास्टर उघडणं मात्र नाही. दुखलं तर पॅरासिटामॉल 650 मिग्रॅ, दोन गोळ्यांमध्ये सहा तास, दिवसाला चारपेक्षा जास्त नाही. डायक्लोफिनॅक, असिक्लोफिनॅक अशा गोळ्या आठवडेच्या आठवडे घेऊ नका, पोट आणि मूत्रपिंड तर आहेतच, हाड जुळण्यासाठीही त्या लांबवर घेणं टाळलेलं बरं.

प्लास्टर निघालं की हात बघून धक्का बसेल. बारीक दंडुका, कोरडी साल, जास्त केस, आणि मनगट लाकडासारखं. हे सगळ्यांचंच होतं. कोमट पाण्यात दहा मिनिटं हात बुडवा, मग बाहू टेबलावर आणि पंजा कडेबाहेर ठेवून मनगट वर-खाली, टोकाला पाच सेकंद थांबा, दहा वेळा. मग अंगठ्याच्या आणि करंगळीच्या बाजूला दहा वेळा. कोपर बरगडीला टेकवून तळवा वर, तळवा खाली, दहा वेळा. असं दिवसातून चार-पाचदा, स्वतःच्या जोरानं. दुसऱ्या कुणी दाबून वाकवायचं नाही, फिजिओथेरपिस्टनीही सुरुवातीला नाही. व्यायामानंतरचं दुखणं तासाभरात ओसरलं तर मात्रा बरोबर. दुसऱ्या दिवसापर्यंत राहिलं तर निम्मी करा. या काळात हातात आग होऊ लागली, कातडी चकचकीत, घामट झाली आणि कपड्याचा स्पर्शही नकोसा वाटू लागला, तर ते ताठरपणाचं दुखणं नव्हे, आठवड्याच्या आत दाखवा.

ताकदीचं काम सीटीत पूल दिसल्यानंतरच. पहिले दोन-तीन आठवडे स्पंज पिळणं, ओला टॉवेल पिळणं. घरात कणीक मळायचं काम मागून घ्या, त्यात मूठ आणि मनगट दोन्ही येतात. मग अर्धा किलोचा डंबेल, एक, दोन. तळव्यावर भार घेणं ही वेगळी पायरी. आधी भिंतीला उभा धक्का, मग टेबलाला, मग गुडघ्यावरचे जोर, शेवटी पूर्ण जोर. प्रत्येक पायरीला किमान एक ते दोन आठवडे.

गोळाफेक या सगळ्यानंतर येते, आणि तिचं कारण साधं आहे. पुरुषांचा गोळा 7.260 किलोचा. तो बोटांच्या मुळाशी ठेवून मनगट पूर्ण मागे मोडलेलं असतं आणि त्याच अवस्थेतून झटका मारायचा. स्कॅफॉइड ज्या स्थितीत मोडतं, नेमकी तीच स्थिती. तेव्हा तीन अटी पुऱ्या झाल्याशिवाय गोळ्याला हात लावू नका. सीटीत जोड पक्का, मनगट डाव्या हाताइतकं किंवा जेमतेम थोडं कमी मागे जाणारं, आणि पकडीची ताकद डाव्याच्या 80 ते 90 टक्के. ही ताकद फिजिओथेरपिस्टकडच्या पकडमापकावर दोन मिनिटांत मोजून मिळते. मग रिकाम्या हातानं पायांची हालचाल, दोन्ही हातांनी छातीतून मेडिसिन बॉल, त्यानंतर तीन-चार किलोचा गोळा जागेवरून, पाच किलो, आणि शेवटी पूर्ण वजन. सगळं सुरळीत गेलं तर प्लास्टर घातल्यापासून पाच ते सहा महिन्यांत तुम्ही पूर्ण वजनापर्यंत याल. तुमची चाचणी त्याच सुमारास आहे, म्हणजे हिशोब काठावरचा आहे. स्क्रूनं यात काही आठवडे वाचू शकतात, महिने नाही.

पण मैदानी चाचणी 50 गुणांची आहे, आणि त्यातले 35 पायात आहेत. 1600 मीटरचे 20, 100 मीटरचे 15. प्लास्टरमध्ये पहिले दोन आठवडे उठाबशा, लंजेस, एका पायावरचं उठणं, जिना. सूज उतरली की डॉक्टरांना विचारून सपाट मैदानावर, उजेडात, एकट्यानं धावणं सुरू करता येतं. पहाटेच्या अंधारात डांबरी रस्त्यावर घोळक्यानं नाही, कारण त्याच हातावर दुसऱ्यांदा पडणं परवडणार नाही. आणि 100 मीटरची सुरुवात उभ्यानंच करा. बोटं जमिनीला टेकवून बसकी सुरुवात करताना शरीराचा बराच भार मनगटावर येतो. प्लास्टर निघाल्यावरही दोनेक महिने ती नको.

एवढं करूनही हाड जुळलं नाही, तर रस्ता बंद होत नाही. शरीराच्या कमरेतल्या मोठ्या हाडाच्या कडेतून किंवा मनगटाजवळच्या रेडियस हाडातून कलम घेऊन, फट भरून, स्क्रू टाकतात. मागचा तुकडा उपाशी पडला असेल तर रक्तवाहिनीसकट कलम घेतात. अशा वेळी आणखी तीन-चार महिने धरायचे, आणि मग ही भरती सोडून पुढच्या भरतीची तयारी करायची. न जुळलेलं हाड 'दुखत तर नाही' म्हणून तसंच ठेवणं मात्र महागात पडतं. तुकडे तिरपे होतात, आधी अंगठ्याच्या बाजूला, मग मनगटाच्या मध्यात कूर्चा घासत जाते, आणि पुढच्या दहा-एक वर्षांत पस्तिशीच्या आतच संधिवाताचं मनगट हाती येतं.

पहिला एक्स-रे, सीटीची सीडी आणि दोन्ही डॉक्टरांच्या चिठ्ठ्या एका पिशवीत ठेवा. प्लास्टर निघाल्यानंतर सहा महिन्यांनी आणि वर्षानं एकेक एक्स-रे काढा, तोवर तुम्ही प्रशिक्षण केंद्रात असलात तरीही.